पापणीची तपासणी

भिंतीवर चिकटवलेला काळा ठिपका बरोबर अठरा मिलिमीटरचा होता. दहा मीटरवरचं खरं लक्ष्य जेवढं दिसतं, तेवढाच तो तीन मीटरवरून दिसावा, असा हिशेब करून लेकीने तो कापला होता. निरीक्षकांना मात्र तो कधी बशीएवढा दिसे, कधी दिसतच नसे.

निरीक्षक वजनमापे खात्यातून निवृत्त झालेले. चौतीस वर्षांत एकही खोटा तराजू त्यांच्या हातून सुटला नव्हता. आता दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता. ऑपरेशन त्यांनी आधी उन्हाळा म्हणून, मग पावसाळा म्हणून आणि नंतर नुसतंच "बघू" म्हणून दोन वर्षं टाळलं होतं. डोळ्याजवळ सुई येणार, याचीच त्यांना धास्ती होती.

"बाबा, एक काम कराल?" सोमवारी लेक म्हणाली. "मी पिस्तुलात छरा न घालता नुसता चाप ओढणार. त्या क्षणी माझी पापणी लवते का, तेवढं बघायचं. माझं मला कळत नाही. शनिवारी निवड आहे आणि संघात एकच जागा उरलीय."

"म्हणजे तपासणी!" निरीक्षक ताठ बसले. कित्येक दिवसांत त्यांना कोणी काही तपासायला सांगितलं नव्हतं.

"आधी दिसतं का ते विचार," बायको आतून म्हणाली. "काल मी आहे असं समजून हे कपाटाशी बोलत होते."

"जरा अंधुक दिसतं, एवढंच. हिचे प्रशिक्षकसुद्धा सांगतात ना, नजर पिस्तुलाच्या टोकावर ठेवा, ठिपका अंधुकच दिसला पाहिजे? मग मी जन्मजात नेमबाज आहे!"

लेक त्यांच्यापासून दोन हातांवर उभी राहिली. हात खांद्याइतका वर आला, श्वास थांबला, आणि टक्. चेहऱ्याच्या जागी निरीक्षकांना एक फिकट ढग दिसला. ढगात काही हललं नाही.

"नाही लवली," ते म्हणाले. तसं हे खोटं नव्हतं. लवताना त्यांनी पाहिली नव्हती.

चाळीसपैकी चाळीस. वहीत तसं लिहून निरीक्षकांनी खाली तारखेसह सही केली. मंगळवारीही चाळीस, बुधवारीही चाळीस.

पण क्लबात लेकीचे छरे ठिपक्याच्या खालीच जात होते. पापणीला प्रमाणपत्र मिळालेलं, त्यामुळे दोष दुसरीकडेच असणार, असं धरून ती कामाला लागली. तिने पिस्तुलाची मूठ घासली. बूट बदलले. पाय कुठे ठेवायचे याच्या खडूच्या खुणा केल्या, आणि त्या पुसल्या जाऊ नयेत म्हणून आईला स्वयंपाकघरात मागच्या दाराने जायला लावलं. छरे आणखी खाली गेले.

गुरुवारी प्रशिक्षक शेजारी येऊन उभे राहिले. "अहो, तुम्ही दर वेळी डोळे मिटताय!"

"शक्यच नाही," ती म्हणाली. "माझ्याकडे लेखी आहे."

संध्याकाळी घरी आल्या आल्या तिने पिस्तूल काढलं. "बाबा, आज दहाच."

टक्. "नाही लवली." टक्. "नाही." दहाव्याला निरीक्षक खूश झाले. "चोख! काय सुधारणा आहे, ठमे!"

बायको हात पुसत दारात आली होती. "अगं, डोळे मिटून काय उभी आहेस मघापासून?"

लेकीने पिस्तूल खाली ठेवलं.

"बाबा, दिसत नाही एवढं सांगायचंत. मी आईला बसवलं असतं. चार दिवस गेले, आता उद्याचा एकच उरलाय." आवाज चढला नव्हता, तेच निरीक्षकांना जास्त लागलं.

"तू विचारलंस ना, म्हणून," ते पुटपुटले. "बरं वाटलं गं."

"आता निदान शनिवारी डोळे उघडे ठेव," बायको लेकीला म्हणाली. मग त्यांच्याकडे वळली. "आणि तुम्ही? तुमचं काय?"

खोटं माप देणाऱ्या दुकानदाराला निरीक्षकांनी आयुष्यात कधी मुदत दिली नव्हती.

"उद्या आईला बसव या खुर्चीत," ते उठत म्हणाले. दोन पावलं जाऊन ते वळले. "आणि डॉक्टरांना फोन लाव. सोमवारी माझं ऑपरेशन."