फ्रीजरमधला बोलका दगड

रिचमंड हिलमधलं घर विकायला काढल्यापासून शैलेंद्रला एका जागी बसवत नव्हतं. अवंतिकाला ग्वेल्फच्या युनिव्हर्सिटीत नोकरी लागली होती, तिथलं घर ठरलं होतं आणि या घराला गिऱ्हाईक मिळत नव्हतं. त्यात बर्फ वितळायला लागलं होतं. बर्फ वितळलं की बेसमेंटच्या कोपऱ्यात पाणी पाझरायचं, आणि ही गोष्ट दोघांनी एजंटलाही सांगितली नव्हती. त्या कोपऱ्यात त्यांनी गालिचा टाकला होता, गालिच्यावर कपाट ठेवलं होतं आणि कपाटावर चंदनाच्या वासाची मेणबत्ती.

शनिवारी एक जोडपं घर बघायला येणार होतं. लोक येतील तेव्हा तुम्ही घरात थांबू नका, असं एजंटने बजावलं होतं. दोघं बूट घालून निघालेच होते, तेवढ्यात किचनमध्ये मिक्सर फिरल्याचा आवाज आला. मिक्सर तर कपाटात होता. मग कुकरच्या शिट्ट्या झाल्या. मग अवंतिकाचा आवाज आला, "बेसमेंटचं एजंटला काही बोललास का?" अवंतिका शैलेंद्रच्या शेजारी तोंड मिटून उभी होती.

बोलत होता तो जांभळा स्फटिक. ग्वेल्फला मुलाखतीला गेली असताना अवंतिकाने तो एका स्टॉलवरून हौसेने घेतला होता. "हा सगळं ऐकतो," असं विकणारी बाई म्हणाली होती, पण ध्यानधारणेपैकी काहीतरी असेल असं समजून अवंतिकाने ते सोडून दिलं होतं. तेव्हापासून तो किचनच्या गार खिडकीत पडून होता. आज शोभेसाठी म्हणून शैलेंद्रने तो हीटिंगच्या जाळीशेजारी मांडला होता. ऊब लागली आणि ऐकलेलं सगळं तो एकामागून एक बाहेर काढू लागला.

शैलेंद्रने झडप घालून तो उचलला, तर हाताच्या उबेने त्याला आणखीच कंठ फुटला. बाहेर फेकावा म्हणून दार उघडलं, तर ड्राइव्हवेमध्ये गाडी येऊन उभी. अवंतिकाने दगड हिसकावून घेतला आणि फ्रीजरमध्ये मटारच्या पिशवीखाली कोंबला. तो लगेच गप्प झाला.

पाहुण्यांनी टेरेन्स आणि रिटा अशी नावं सांगितली. साठीच्या पुढचे असावेत. मिसिसागाहून आले होते. मुलगी क्लॅरिसा रिचमंड हिललाच राहत होती, म्हणून त्यांना इकडे घर हवं होतं. एजंटला यायला वेळ होता, तेव्हा घर दाखवायची पाळी या दोघांवरच आली. बोलणं अर्थातच इंग्रजीत चाललं होतं. टेरेन्स फारसं बोलत नव्हते, रिटा मात्र प्रत्येक कप्पा उघडून बघत होत्या. फ्रिज घरासोबत मिळणार ना, असं विचारत त्यांनी फ्रीजर उघडला आणि मटारच्या पिशवीखालून दगड काढला.

फार थंड आहे, माझ्याकडे द्या, असं शैलेंद्र दोनदा म्हणाला. रिटांनी दगड दोन्ही तळव्यांत धरला आणि किती सुंदर आहे म्हणून उजेडात फिरवून पाहू लागल्या. दगड जिथे थांबला होता तिथून पुढे सुरू झाला.

"नाही बोललो. आणि तूही बोलू नकोस. वास आला तर मेणबत्तीचा म्हणायचं."

"आणि कपाट हलवलं तर?"

"एवढं जड कपाट कोण हलवतंय?"

हा स्पीकर आहे, त्यावर एक सीरियल लागली आहे, असं अवंतिकाने इंग्रजीत घाईघाईने सांगितलं. एवढ्यावर निभावलं असं वाटून शैलेंद्रने श्वास सोडला.

टेरेन्सनी चष्मा पुसला. "कुठल्या भिंतीकडून येतं पाणी?" त्यांनी मराठीत विचारलं. "आम्ही वसईचे."

शैलेंद्र त्यांना निमूटपणे खाली घेऊन गेला. दोघांनी मिळून कपाट हलवलं. टेरेन्सनी मोबाइलच्या उजेडात ओल पाहिली आणि आमच्या मिसिसागाच्या घरातही असंच येतं, बाहेरून दुरुस्ती करून घेऊ, असं सहज सांगून टाकलं. शैलेंद्रच्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं.

वर येतात तो अवंतिकाने दगडाचं खरं काय ते सांगून टाकलं होतं आणि रिटांचा निर्णय झाला होता. घर पसंत होतं, पण हा दगड घरासोबत हवा होता. "लग्न झाल्यापासून हे म्हणतात, तू मला सांगितलंच नाहीस," त्या अवंतिकाला म्हणाल्या. "आता ऐकवीन."

दगड अवंतिकाने तिथल्या तिथे देऊन टाकला. मग दोघी बेडरूम बघायला वर गेल्या, आणि ओल्या भिंतीसमोर शांत उभे राहिलेले टेरेन्स किचनमध्ये येरझारा घालू लागले. जिना फार उभा आहे, ड्राइव्हवे केवढा लांब, एवढं बर्फ शोव्हल कोण करणार, असं एकेक त्यांना सुचायला लागलं. सौदा हातचा जातो की काय या धास्तीने शैलेंद्र त्यांच्या मागे मागे फिरत होता. शेवटी टेरेन्स काउंटरवर वाकून हळू आवाजात म्हणाले, "तुम्ही ग्वेल्फला जाताना हा दगड घेऊन जा. तिला सांगा, सामानात हरवला. घर मी घेतो."

शैलेंद्रने लगेच हात पुढे केला. दोघांनी हात मिळवले, तेव्हा रिटांनी वर जाताना ठेवून दिलेला दगड त्यांच्या कोपरांच्या मधोमध काउंटरवर पडलेला होता. तो दोघांनाही एकदमच दिसला.

रिटा जिना उतरत होत्या. आल्या आल्या त्यांनी दगड उचलला आणि तळव्यांत घोळवायला सुरुवात केली. "बघू या, पुढे काय म्हणतो," त्या अवंतिकाला म्हणाल्या.

ती ओल पुन्हा एकदा नीट बघायला हवी, असं पुटपुटत टेरेन्स बेसमेंटच्या पायऱ्या उतरले. दिवा लावून देतो म्हणत शैलेंद्रही त्यांच्या मागोमाग गेला, आणि जाताना त्याने दार ओढून घेतलं.