केचपच्या पूर्वजांचा आमच्या घरी वास

एका रविवारी ऑम्लेटवर बाटली उपडी करून तिच्या बुडावर थापा मारता मारता मी सहज ठरवलं, की या केचपचा इतिहास एकदा बघायलाच हवा. (माझे सगळे घोटाळे या 'सहज'नेच सुरू होतात. लग्नसुद्धा.)

ग्रंथालयातल्या जाडजूड पुस्तकानं मला थक्कच केलं. केचपमध्ये मुळात टोमॅटो नव्हताच! खारवून मुरवलेल्या माशांचा रस होता तो. खलाशांनी, व्यापाऱ्यांनी तो दूरदेशी नेला. तिकडे कुणी माशांऐवजी अळंबी घातली, कुणी अक्रोड. टोमॅटोमहाराज उगवले ते फार उशिरा. पुस्तक मिटलं तरी मी तिथेच उभा. इतके समुद्र ओलांडून आलेल्या गृहस्थाच्या बुडावर मी रोज थापा मारत होतो!

त्याच संध्याकाळी बारीक मासे आणि भरपूर मीठ बरणीत भरून मी ती चपलांच्या कपाटात, माझ्या बुटांमागे दडवली. बायकोला सांगितलं असतं तर इतिहास तिथेच संपला असता.

महिन्याभरात वास सुटला.

"अहो, मोजे बदलता ना?" बायकोनं विचारलं.

"रोज."

"मग आता पाय बदला."

सासूबाई मुक्कामाला आल्या होत्या. चाळीस वर्षं खानावळ चालवलेली बाई. पण माझ्याशी बोलताना त्याही तोंड खिडकीबाहेर काढू लागल्या. शेवटी बायकोनं मला त्वचेच्या डॉक्टरांकडे नेलं. त्यांनी बिचाऱ्यांनी माझे दोन्ही पाय हुंगले.

"मला तर काहीच वास येत नाही."

"डॉक्टर, तुम्ही नाक दाखवून घ्या कुणाला तरी," बायको म्हणाली.

मलम घेऊन आम्ही परतलो. (इतिहासासाठी लोकांनी तुरुंग सोसले, मी मलम सोसलं.)

तिसऱ्या महिन्यात सासूबाईंनी ते कपाट आवरायला काढलं आणि बरणी टेबलावर आली.

"हे काय आहे?" बायकोनं नाक दाबून विचारलं.

"केचप," मी म्हणालो. "म्हणजे... केचपचे पणजोबा."

बायको बरणी उचलून कचऱ्याकडे निघणार, एवढ्यात सासूबाईंनी झाकण उघडून वरचा सोनेरी रस बोटावर घेतला आणि जिभेला लावला. मी डोळे गच्च मिटले.

त्यांनी बोट पुन्हा एकदा बरणीत बुडवलं. मग हळूच म्हणाल्या, "एक अंडं उकड गं."

अंड्यावर दोन थेंब पडले. बायकोनं खाल्लं आणि तिचा नाकावरचा हात आपोआप खाली आला. शेकडो वर्षांपूर्वीच्या कुठल्याशा जहाजावर आम्ही तिघं जेवायला बसलो होतो जणू.

मला भरून आलं. मी उभा राहिलो, घसा खाकरला आणि डोळे मिटून खलाशांपासून सुरुवात केली. अळंबीपर्यंत पोचून डोळे उघडले, तर टेबलाशी मी एकटाच. बरणीही नाही. जिन्यातून बायकोचा आवाज येत होता, शेजारणीला सांगत होती:

"चाखून तर बघा! आमच्या आईनं केलंय!"