शून्य खुणेची कॅसेट

वाळलेल्या कडुलिंबाचा आणि तापलेल्या टेपरेकॉर्डरचा वास एकत्र आला, की मला परभणीतले आमचे शेजारी माणिककाका आठवतात. लोणच्याच्या बरणीवरही ‘आं-ति-२’ अशी चिठ्ठी डकवणारा दुसरा माणूस मी पाहिला नाही. आंबा, तिखट, दुसरे वर्ष. त्यांचा जन्म कचेरीच्या दफ्तरखान्यात गेला होता. “ताई, दफ्तराला शिस्त पायजे,” हे त्यांचे पालुपद.

निवृत्तीनंतर त्यांनी खेड्यापाड्यांतल्या बायकांच्या जात्यावरच्या ओव्या कॅसेटींवर भरून घेतल्या. एका पाव्हण्याने त्यांतल्या एकीवर लग्नाचा बँड भरला, तेव्हापासून परक्याला काही कळू नये म्हणून नावे पुसून खुणा आल्या : ‘पो-बां-३’, ‘सो-खो-१’. उलगड्याची वही होती. पण तिच्यावरही त्यांनी खूणच घातली होती, आणि आता ती त्यांनाच सापडत नव्हती.

अशात वाचनालयाने ट्रंकभर कॅसेटी ठेवून घ्यायचे कबूल केले. अट एकच : प्रत्येकीवर गाव आणि गाणारीचे नाव हवे.

“न्हाई घेतल्या तर माझ्यामागं भंगारात जातील,” काका म्हणाले.

मी ठरवले, शेवटची खूण उलगडल्याशिवाय उठायचे नाही.

नामांतराच्या बंदमुळे मी शिकवत होते त्या शाळेला सुट्टी होती. आम्ही एकेक कॅसेट लावत गेलो. ‘पो’ म्हणजे पोखर्णी, हे सोपे. ‘बां’ने मात्र दोन तास खाल्ले. मग जात्याच्या घरघरीखालून काचेची किणकिण ऐकू आली.

“काका, हिच्या बांगड्या वाजतात.”

“मग? तेच तर लिवलंय,” काका म्हणाले, जणू वही मीच हरवली होती.

‘खो’ म्हणजे मध्येच खोकणारी. खूण उलगडली, की नाव आपोआप त्यांच्या ओठांवर येई. “सोनपेठची सखूबाई. लय खोकायची, पण सूर न्हाई सोडला.”

संध्याकाळी एकच उरली. तिच्यावर नुसते शून्य. जाते फिरले, ओवी अर्ध्यात थांबली, आणि गाणारीच ओळखीच्या आवाजात बोलली : “आवो, ऱ्हाऊ द्या आता ते यंत्र. च्या निवायलाय.”

काकू जाऊन चार वर्षे झाली होती. उभ्या संसारात काकांनी त्यांना ‘ऐकलं का’ एवढीच हाक मारलेली. बायकोचे नाव उच्चारणे त्यांच्या रीतीत बसत नव्हते. भिंतीला भिंत असूनही माझ्यासाठी त्या नुसत्या काकू.

“ही राहू द्या घरीच,” मी म्हणाले.

“न्हाई. सगळ्यांसंगं जाऊ दे तिला.”

मी यादीवर लेखणी टेकवली. “गाणारीचं नाव?”

कॅसेट संपून खटका वर आला. मग अगदी हळू काका मला म्हणाले, “द्वारका.”