टाक ते जॉन!

"शनिवारी माझी ओडेसा पहिली बास्केट करणार! आणि बॉल जाळीत गेला रे गेला की छतापर्यंत पट्ट्या उडणार! कोरून ठेवा भिंतीवर!"

थॅडियस पर्नेलने ही घोषणा क्लिफर्डच्या सलूनमध्ये केली तेव्हा त्याची दाढी अर्धीच झाली होती. एका गालावर फेस, दुसऱ्या गालावर गर्व. क्लिफर्डने वस्तरा खाली ठेवला. आता हसू येणार आणि हात हलणार, हे त्याला कळलं होतं.

"थॅड, पोरगी चार वर्षं संघात आहे. चार वर्षांत तिचे पॉइंट किती?"

"गुडघा! दोनदा ऑपरेशन झालंय तिचं!"

"मी किती विचारलं. का ते नाही विचारलं."

"शून्य," थॅडियस म्हणाला आणि फेसाचा गाल आरशाकडे वळवला.

शून्य हे खरंच होतं. ओडेसा सेंट फिनबार कॉलेजात बास्केटबॉलसाठी गेली आणि चार वर्षं बाकावर बसली. पहिल्या वर्षी उजवा गुडघा गेला, तो बरा होतोय तोवर पुन्हा तोच गेला. बाकी मुली पळत, ही टॉवेल देई. टाळ्या इतक्या वाजवी, की तिच्या तळव्यांना घट्टे पडले असं थॅडियस ट्रॉलीत चढणाऱ्या प्रत्येकाला सांगे. तो पश्चिम फिलाडेल्फियात ट्रॉली, म्हणजे ट्राम, चालवायचा. उतारूंना पळून जाता येत नसे.

आणि आता संघच बंद होणार होता. कॉलेजकडे मुलींच्या संघाला पैसे नव्हते. फाटकापाशी काचेची चकचकीत इमारत बांधायला होते. तिच्यात काय असणार हे कुणालाच माहीत नव्हतं, पण तिचं नाव ठरलं होतं, 'कल्याण केंद्र'. बारा मुलींचा खेळ चार ओळींच्या ईमेलने मारायचा आणि वर कल्याणाची पाटी लावायची! शनिवारचा सामना शेवटचा. रॉकहिल कॉलेजशी.

"पण ती बास्केट करणार कशी?" क्लिफर्डने विचारलं. "तिला तर पळता येत नाही."

"रॉकहिलच्या कोचबाईशी बोललोय मी. स्टॅन्कोव्स्की बाई. सुरुवातीला बॉल ओडेसाला द्यायचा. तिला कुणी अडवायचं नाही. ती टाकणार, दोन पॉइंट. मग बदल्यात त्यांना एक फुकटची बास्केट. दोन-दोन झाले की खरा खेळ सुरू. शेवटच्या वर्षाच्या जखमी पोरींसाठी करतात असं. डॉक्टर म्हणाले, एक बॉल टाकेपर्यंत उभी राहू दे, वर एक पाऊल नाही."

"म्हणजे एकच बॉल."

"एकच! आणि माझी पोरगी जाळीखालून चुकेल होय?"

क्लिफर्डने वस्तरा पुन्हा उचलला. मग हळूच म्हणाला, "पट्ट्या मात्र उडायला पाहिजेत, लेका."

पट्ट्यांचं नाव निघालं की या गावातल्या साठीच्या माणसांचे डोळे भरून येतात. यांच्या तरुणपणी आपल्या कॉलेजने पहिली बास्केट केली की अख्ख्या प्रेक्षकांतून रंगीत कागदी गुंडाळ्या सुटायच्या. कोर्ट दिसेनासं व्हायचं. पोरं कागद गोळा करायची, तोवर दोन्हीकडचे लोक एकमेकांच्या आईबापांचा उद्धार करून घ्यायचे. मग वरच्या साहेब लोकांना ते खुपलं. कोर्टावर कागद पडला की फाउल, असा नियम आला आणि एक आनंद मेला.

"फाउल देतील," क्लिफर्ड म्हणाला.

"देऊ देत! बास्केट मोजली गेल्यावर फाउल देऊन काय उपटणार? संघच मेलाय. मेलेल्याला दंड?"

घरी मात्र वेगळीच लढाई होती. स्वयंपाकघरात ओडेसा गुडघ्यावर बर्फ धरून बसली होती.

"बाबा, मला भीक नकोय."

"भीक कसली? चार वर्षं घाम गाळलास."

"बाकावर घाम येत नाही, बाबा."

"माझ्यासाठी, बेटा. एकदाच. तुझ्या नावापुढे तो शून्य मला बघवत नाही."

तिने बर्फ गुडघ्याच्या दुसऱ्या बाजूला सरकवला. "ठीक आहे. पण तमाशा नाही करायचा. आरडाओरडा नाही, नाच नाही. टाळ्या वाजवायच्या आणि गप्प बसायचं. शब्द दे."

"दिला!" थॅडियस म्हणाला. लगेच तो मागच्या खोलीत गेला आणि दार लावून त्याने लूथरला फोन केला.

लूथर म्हणजे त्याचा लहानपणापासूनचा मित्र. एका शाळेत साफसफाईचं काम बघायचा. अंगाने फ्रीजएवढा. फ्रीज निदान उघडल्यावर उजेड तरी पडतो.

"लूथर, शनिवारी ते जॉन घेऊन ये. कागदाचं. लांब उलगडणारं जॉन."

"समजलं," लूथर म्हणाला.

जॉन म्हणजे कुणी माणूस नव्हे. फिलाडेल्फियात कुठल्याही वस्तूला जॉन म्हणतात. चावी जॉन, सँडविच जॉन, मोडलेली गाडी जॉन, शेजाऱ्याचं लग्नसुद्धा जॉन. आपण 'ते आपलं हे' म्हणतो ना, तसं. फरक एवढाच, की आपल्याला 'हे' म्हणजे काय असं कुणी विचारलं तर आपण सांगतो. इथे विचारणाऱ्याकडे कीव केल्यासारखं बघतात. या गावात जन्मलेल्याला जॉन कळलंच पाहिजे. कळलं नाही तर तो बाहेरचा.

शनिवारी लूथर आला तो कोटाच्या आत दोन कलिंगडं लपवल्यासारखा. कोट उघडला. आत शाळेच्या संडासातले मोठे रोल! घरातले नव्हेत. दोनशे पोरांना महिनाभर पुरतील असे, चाकाएवढे!

"हे काय आणलंस?"

"कागदाचं. लांब उलगडणारं. जॉन."

"अरे, मी रंगीत पट्ट्या म्हणत होतो!"

"मग रंगीत म्हणायचं. जॉन काय, पांढरंही असतं."

क्लिफर्डने निदान लाल कागदी गुंडाळ्या आणल्या होत्या. थॅडियसने दोघांना जिममध्ये वरच्या ओळीत उभं केलं आणि स्वतः खाली कोर्टालगतच्या खुर्चीत जाऊन बसला. जाण्याआधी हुकूम दिला, "नीट ऐका. जॉन जॉनमध्ये गेलं की जॉन टाकायचं. मी हात वर करेन."

"कळलं," दोघे म्हणाले. कुणीच काही विचारलं नाही. विचारेल तो बाहेरचा.

जिम अर्धी रिकामी होती. भिंतीवरच्या जुन्या विजयांच्या पताका आधीच उतरवलेल्या. त्या जागी रंग उडालेले चौकोन राहिले होते, फोटो काढून नेलेल्या घरासारखे. कॉलेजचे अध्यक्ष डॉक्टर हॅडली माइक घेऊन कोर्टाच्या कडेला उभे राहिले. "हा आपल्या परिवारासाठी भावुक क्षण आहे," ते म्हणाले. परिवाराला मारून परिवाराच्या तेराव्याला भाषण करणारा माणूस किती ताज्या इस्त्रीचा शर्ट घालतो, हे बघायचं असेल तर त्या दिवशी तिथे असायला हवं होतं.

सामना सुरू झाला. रॉकहिलच्या उंच मुलीने उडी मारल्यासारखं केलं आणि बॉल सोडून दिला. तो ओडेसाच्या हातात आला. सगळ्या मुली बाजूला झाल्या. ओडेसा लंगडत, एकेक टप्पा घेत जाळीकडे निघाली. जिममध्ये बॉलचा आवाज तेवढा येत होता. धप्. धप्. थॅडियसच्या छातीत त्याच तालावर धप्. धप्.

ती जाळीखाली आली, थांबली. बॉल दोन्ही हातांत धरला, वर बघितलं. आणि बघतच राहिली.

खरं म्हणजे ती फक्त श्वास घेत होती. चार वर्षांत पहिल्यांदा जाळी इतक्या जवळून दिसत होती, ती जरा बघून घेत होती. पण बापाला वाटलं, घाबरली! गुडघा अडकला! आता रडते की काय! गप्प बसायचा शब्द, वर करायचा हात, सगळं विसरून तो खुर्चीवर चढला आणि ट्रॉलीच्या घंटेला लाजवेल अशा आवाजात ओरडला,

"टाक! टाक ते जॉन!"

वरच्या ओळीत लूथर आणि क्लिफर्ड दोघांनीही टाकलं.

क्लिफर्डच्या लाल पट्ट्या हवेत नुसत्या तरंगल्या. पण लूथरचा रोल! तो पायऱ्यांवरून धाडधाड उड्या घेत, मागे पांढरी वाट सोडत खाली आला, कोर्टावर घरंगळला, रेफ्रीच्या दोन पायांमधून गेला आणि डॉक्टर हॅडलींच्या बुटांवर आदळून उभा राहिला. दुसरा रोल हवेतच उलगडला आणि अध्यक्षांच्या खांद्यांवरून पवित्र वस्त्रासारखा लोंबू लागला!

रेफ्रीने शिट्टी मारली.

शिट्टीनंतर ओडेसाने बॉल टाकला. हात तोवर निघालाच होता. बॉल वर गेला, फळीला हलकेच टेकला आणि जाळीतून असा सरळ उतरला, की रॉकहिलच्या बाकावरच्या मुलीही उठून ओरडल्या.

"बास्केट नाही!" रेफ्री पायातला कागद सोडवत ओरडला. "शिट्टी आधी! प्रेक्षकांचा फाउल! रॉकहिलला दोन फ्री थ्रो!"

स्टॅन्कोव्स्की बाई भली बाई. तिने आपल्यातली सगळ्यात कच्ची पोरगी निवडली आणि कानात सांगितलं, "दोन्ही चुकव." पोरीने पहिला बॉल डोळे मिटून टाकला. गेला आत! दुसरा तर तिने पाठमोरं होऊन फेकला. तोही आत! बिचारी रडायलाच लागली. सगळ्या हंगामात तिचा एकही फ्री थ्रो गेला नव्हता.

"ओडेसाला पुन्हा देऊ या," स्टॅन्कोव्स्की बाई रेफ्रीला म्हणाली. "आमची हरकत नाही."

ओडेसाने मान हलवली. "नको. झालं तेवढं पुरे." ती लंगडत बाकाकडे गेली. वाटेत वाकून तिने कोर्टावरचा कागद गोळा केला. चार वर्षं तेच करत आली होती, दुसऱ्यांचा पसारा आवरणं. त्याची तिला लाज वाटली नाही. लाज ज्याला वाटायला हवी होती, तो गळ्यातला कागद काढून माइकवर बोलत होता, "हे दुर्दैवी आहे. पण अशा वागण्यामुळेच आपला निर्णय किती योग्य होता, हे पुन्हा सिद्ध होतं."

पाहा! मुलींचा संघ मारायला त्याला कारण सापडत नव्हतं. थॅडियसने दोन रोल भरून पुरवलं.

तिघांना बाहेर काढलं. बाहेरच्या ओसरीत ट्रॉफ्या खोक्यांत भरून ठेवल्या होत्या. तिघे खोक्यांवर बसले.

"तुम्हाला अक्कल आहे का?" थॅडियस किंचाळला. "हात वर केला होता का मी?"

"तूच म्हणालास, टाक!" लूथर म्हणाला.

"मी तिला म्हणालो!"

"'ते जॉन' म्हणालास!"

"ते जॉन म्हणजे बॉल!"

"मग बॉल म्हणायला काय जीभ झडते?" क्लिफर्ड म्हणाला.

साठ वर्षांत कुणी थॅडियसला हा प्रश्न विचारला नव्हता. आत सामना चालू राहिला, सेंट फिनबार हरलं, आणि मग कुणीतरी दिवे मालवत आलं.

गाडीत ओडेसा खिडकीकडे तोंड करून बसली. पहिल्याच सिग्नलला गाडी थांबली.

"बेटा, आत तर गेला ना," तो म्हणाला. "सगळ्यांनी बघितलं."

"हो. सगळ्यांनी बघितलं, आणि शून्यच राहिला." थोडं थांबून ती म्हणाली, "बाबा, तू मला टाक म्हणाला नसतास तर मी टाकणार नव्हते का? बॉल घेऊन घरी येणार होते?"

हिरवा दिवा लागूनही थॅडियसने गाडी हलवली नाही. मागच्या गाडीवाल्याने त्याला शिव्या घातल्या. त्या त्याला बऱ्या वाटल्या.

गल्लीत वळल्यावर त्याने करकचून ब्रेक दाबला. तो विसरलाच होता! सकाळी निघताना त्याने जिंकायच्या आधीच घर सजवलं होतं. ओसरीवर फुगे. कठड्याला दिव्यांची माळ. आणि वर, या टोकापासून त्या टोकापर्यंत, चादरीएवढा कागद: 'ओडेसा पर्नेल – २ पॉइंट!' खाली शेजारणी मॅकरोनी आणि तळलेल्या चिकनचे ट्रे घेऊन उभ्या होत्या. गाडी दिसताच त्या दोन बोटं वर करून नाचायला लागल्या. "दोन! दोन! दोन!"

ओडेसा गाडीतून उतरली. तिने फुगे बघितले, दिवे बघितले, कागद बघितला, शेजारणींची बोटं बघितली. एकेकीला मिठी मारून घेतली. मग दारापाशी थांबून, मागे न वळता, अगदी हळू आवाजात म्हणाली, "बाबा, ते जॉन काढ."

आणि थॅडियस पर्नेल, या गावात जन्मलेला, याच गावात वाढलेला, खुर्ची लावून वर चढला. हात वर केले आणि तसाच उभा राहिला.

"कोणतं जॉन, बेटा?"

आतून कडी लागल्याचा आवाज आला.