खानोलकरांचा इटालियन

आमच्या दुबईच्या करामा भागातल्या बिल्डिंगची लिफ्ट अडकली की बाकीचे लोक वॉचमनच्या नावाने ओरडतात. तिसऱ्या मजल्यावरचे खानोलकर मात्र आत अडकलेल्यांना फ्रान्कोचे सिनेमे सांगायला लागतात. एकदा मी असा त्यांच्या तावडीत सापडलो. दार उघडलं तेव्हा भुताने नुकताच पाद्री गाठला होता. "थांबा हो, शेवट ऐकूनच जा," म्हणत त्यांनी माझी बाही सोडली नाही.

फ्रान्को म्हणजे इटलीतला एक म्हातारा दिग्दर्शक. हाती पैसा नाही, म्हणून एकाच पडक्या किल्ल्यात त्याने आधी भुतं नाचवली, मग रोमन सैनिक. काउबॉयपट काढले तेव्हा गावामागची खडीची खाण अमेरिका म्हणून दाखवली. निर्मात्यांनी पोस्टरवर त्याचं नाव बदलून भलतंच इंग्रजी नाव टाकलं. त्यामुळे सिनेमे चालले तेव्हा त्याला कोणी ओळखलं नाही, आणि पडल्यावर तर कोण विचारतो!

"ह्या माणसाचा एक तरी शो दुबईत झालाच पाहिजे. खलास!" खानोलकरांनी जाहीर केलं. एसीच्या डक्टिंगचा हा इंजिनियर एकदा 'खलास' म्हणाला की माघार नाही. मरीनातल्या एका थिएटरात ते शोचं विचारायला गेले, तर मॅनेजर म्हणाला, "सोबत पास्ता नाईट ठेवायची का?" खानोलकर ताडकन उठून आले. मग रोज ऑफिसहून आल्यावर बसून त्यांनी एका काउबॉयपटाला मराठी सबटायटल्स केली. स्वतः वेंगुर्ल्याचे, त्यामुळे खलनायक पिस्तूल रोखून म्हणायचा, "मेल्या, आदी घोड्यावरसून खाली उतर!"

शेवटी शो त्यांच्याच घरच्या हॉलमध्ये ठरला. फ्रान्कोच्या मुलीला शोधून काढून, तिच्यामागे लागून, त्यांनी फ्रान्कोला व्हिडिओ कॉलवर यायलाही तयार केलं. खुर्च्या आम्हा शेजाऱ्यांच्या, प्रेक्षकही आम्हीच.

"अंकल, इज ही फेमस?" माझ्या मुलीने विचारलं.

"नाही ना! म्हणून तर."

सिनेमा संपला आणि पडद्यावर शाल गुंडाळलेला फ्रान्को आला. तो बोलायचा, शेजारी बसलेली त्याची मुलगी इंग्रजीत सांगायची. त्याने पहिलाच प्रश्न केला, "माझाच सिनेमा का?"

खानोलकर खुर्ची पडद्याजवळ ओढून बसले. मग म्हणाले, "मी नवीन आलो तेव्हा इथून लांब, उम्म अल कुवैनच्या फॅक्टरीत होतो. ओळखीचं कोणी नाही. खोलीत तुमची ही एकच कॅसेट होती. भाषा कळायची नाही. पण हिरो एकटा जेवायला बसतो आणि त्याचं ताट संपेपर्यंत तुमचा कॅमेरा टेबलावरून हलत नाही. मी रोज तेवढाच भाग लावून जेवायचो. सोबत व्हायची."

त्याच्या मुलीने ते इटालियनमध्ये सांगितल्यावर म्हातारा बराच वेळ बोलला. ती म्हणाली, "निर्माता तो भाग कापणार होता. बाबा भांडले. जेवणाऱ्या माणसाला अर्ध्यात सोडून उठायचं नसतं, म्हणाले. आणि विचारतायत, आता तुम्ही कुणाबरोबर जेवता?"

खानोलकरांची बायको जाऊन सहा वर्षं झाली. मुलगा कॅनडात. त्यांनी आमच्याकडे पाहिलं आणि हसत हात फिरवला. "ह्या सगळ्यांबरोबर."

ते खरं नव्हतं. कॉल संपला, खुर्च्या उचलल्या. माझी बायको दारात थांबली आणि म्हणाली, "भाऊजी, उद्यापासून जेवायला आमच्याकडे. आठला पानं घेते."

खानोलकर प्रोजेक्टरची वायर गुंडाळत होते, आणि ती काही केल्या नीट गुंडाळली जात नव्हती.