गूढरीत्या नाहीशा झालेल्या सरड्यांची सहल

समुद्रापलीकडच्या एका जंगलात, बाळांनो, दगडांचं एक मोठं गाव होतं. मधोमध पायऱ्यापायऱ्यांचा डोंगर आणि त्याच्या टोकावर देऊळ. खाली चेंडू खेळायचं पटांगण. पलीकडे एक विहीर, इतकी खोल की आत डोकावलं तर आपलाच चेहरा अनोळखी वाटावा. हे सगळं माया नावाच्या कुळातल्या सरड्यांनी बांधलं होतं.

आपल्या बांधावर बसून मान हलवतात ते सरडे डोळ्यांपुढे आणू नका. हे चांगले घोरपडीएवढे होते. दगड घासून गुळगुळीत करायचे, ताऱ्यांचा हिशेब ठेवायचे. मग काही वर्षं पाऊस रुसला, राजे एकमेकांच्या उरावर बसले आणि गाव ओस पडलं. सरडे उठले, रानात पांगले, मका पेरू लागले. पुढे त्यातली काही घरं परत आली आणि पडक्या भिंतींच्या आडोशाला राहू लागली. झालं होतं ते एवढंच.

अशाच एका घरात कानुल नावाचा सरडा राहत होता. आईबाप लवकर गेलेले. इश्चेल आत्यानं त्याला वाढवलं. आत्या देवळाच्या मागच्या अंगाला चूल मांडायची, मक्याच्या भाकऱ्या थापायची आणि रोज सकाळी पायरीवर राळेचा धूप जाळायची. कानुल हुशार निघाला. किनाऱ्यावरच्या प्राण्यांच्या बोल्या शिकला. त्या बोल्या जिभेवर बसल्या तसा आत्याच्या चुलीचा धूर त्याच्या डोळ्यांत जायला लागला.

किनाऱ्यावर कोल्होबांची सहल कंपनी होती. गाडीवर पाटी होती, ‘छोटा गट, मोठा अनुभव’. गट छोटा, कारण गाडीत तेवढेच मावत. पण कोल्होबा म्हणायचे, “आम्ही गर्दी जमवत नाही, आम्ही आपुलकी देतो.” सकाळी न्यायचं, अवशेष दाखवायचे, जेवू घालायचं, उन्हं उतरायच्या आत परत आणून सोडायचं. हजारो वर्षांची संस्कृती एका दिवसात, जेवणासकट.

कोल्होबांनी कानुलला वाटाड्या म्हणून ठेवलं. आत्याला कोण आनंद झाला! “आपल्या माणसांची गोष्ट आपल्याच तोंडून सांगायला मिळणार,” ती म्हणाली आणि तिनं त्याच्या पाठीवरून हात फिरवला.

पहिल्या दिवशीच्या गटात एक सांबरसाहेब होते. मोठ्या हुद्द्यावरून निवृत्त झालेले, त्यामुळे त्यांना सगळं आधीच ठाऊक होतं. एक मोर होता. तो प्रत्येक देवळाकडे पाठ करून उभा राहायचा, कारण फोटोत तोंड आणि पिसारा दोन्ही यायला हवं होतं. आणि बदकांचं एक नवं जोडपं होतं. त्यांना जेवण कुठे आहे एवढंच विचारायचं होतं.

कानुलनं घसा साफ केला. “हे माझ्या पूर्वजांनी बांधलं. पाऊस गेला, भांडणं झाली, म्हणून त्यांनी गाव सोडलं. पण आम्ही आहोत. त्या भिंतीमागे धूर दिसतोय ना, ती माझी आत्या.”

सांबरसाहेबांनी शिंगं खाजवली.

“आहोत म्हणजे?”

“म्हणजे आहोत. इथेच राहतो.”

“पण आम्हाला सांगितलं होतं की तुम्ही गूढरीत्या नाहीसे झालात!”

“नाही साहेब. शेती करतो.”

“शेती?” सांबरसाहेब जोडप्याकडे वळले. “ऐकलंत? शेती करतात म्हणे. शेती बघायला मी समुद्र ओलांडून आलो काय?”

तेवढ्यात इश्चेल आत्या गरम भाकऱ्यांची टोपली घेऊन पुढे आली. पाहुणे दारात आले की खायला द्यायचं, एवढंच तिला कळत होतं. बदकांनी भाकरीचा वास घेऊन ती हळूच दगडावर ठेवून दिली. मोर म्हणाला, “ओ मावशी, जरा बाजूला होता का? अवशेषांमध्ये तुम्ही येताय.”

आत्या बाजूला झाली.

संध्याकाळी कोल्होबांनी कानुलला बोलावलं. ते चिडले नाहीत. चिडणं धंद्याला बरं नव्हे.

“कानुल, तू खोटं बोललास असं मी म्हणत नाही. तू खरं बोललास, तिथेच चुकलास. पाऊस पडला नाही, भांडणं झाली, लोक उठून गेले. असं तर त्यांच्याही घरी होतं! त्यासाठी ते इतक्या लांब येतील?”

“मग काय सांगू?”

“एका रात्रीत गेले म्हणून सांग. चुलीवर अन्न तसंच, पाळणे हलताहेत आणि माणूस एक नाही. कुठे गेले? का गेले? मग थांबायचं. आभाळाकडे बघायचं. बाकीचं गिऱ्हाईक स्वतःच करतं.”

“पण आम्ही तर आहोत ना?”

“तू आहेस रे. तुला कोण नाही म्हणतंय?” कोल्होबांनी त्याच्या गळ्यात लाल रुमाल बांधला. त्यावर ‘मुख्य वाटाड्या’ असं लिहिलं होतं. दुसरा वाटाड्या कंपनीत नव्हताच. तरी कानुलची मान ताठ झाली.

दुसऱ्या गटापुढे तो एका रात्रीत नाहीशा झालेल्या सरड्यांची गोष्ट सांगू लागला तेव्हा सुरुवातीला त्याची जीभ अडखळली. मग समोरच्यांचे डोळे विस्फारलेले दिसले. कुणीतरी “बापरे!” म्हणालं. कानुलला ते “बापरे” फार आवडलं. त्यानं पाळण्यात एक खुळखुळाही घातला, अजून वाजत असलेला. एक मेंढी हुंदके देऊन रडली. थोड्या वेळानं तीच मेंढी विहिरीवर पाणी भरणाऱ्या एका सरडीच्या अंगावर खेकसली, कारण तिची घागर वाटेत होती.

भिंतीमागून आत्यानं सगळं ऐकलं होतं. गट गेल्यावर ती बाहेर आली.

“कानुल, आम्ही मेलो का रे?”

“तसं नाही गं आत्या. फक्त सहल असेपर्यंत.”

“आणि मेलेल्यांनी तोवर काय करायचं?”

“आत बसायचं. आवाज करायचा नाही. संध्याकाळी आहेच की आपलं सगळं.”

आत्यानं चुलीतली लाकडं मागे ओढली. मग म्हणाली, “तुझ्या पोटाचा प्रश्न आहे. बसते आत.”

अशी सुरुवात झाली, बाळांनो. आधी आत बसायचं ठरलं. मग दिवसा चूल पेटवायची नाही असं ठरलं, कारण धूर फोटोत यायचा. मग पोरांनी पटांगणात चेंडू खेळायचा नाही असं ठरलं. ते पटांगण चेंडू खेळायलाच बांधलेलं होतं, पण आता ते फार पवित्र झालं होतं. शेवटी सकाळचा धूपही बंद झाला, कारण कोल्होबांना देवळाला ‘युगानुयुगांची शांतता’ हवी होती. दरवेळी निरोप घेऊन कानुलच यायचा. दरवेळी त्याच्या गळ्यातला रुमाल जरा जास्त झळकायचा आणि दरवेळी आत्या म्हणायची, “बरं.”

मग एक दिवस सांबरसाहेब परत आले. गूढरीत्या नाहीशा झालेल्यांचं गाव बघायला या खेपेला त्यांनी त्यांचे मित्रही आणले होते; मागच्या खेपेला ऐकलेली शेती ते सोयीनं विसरले होते. कानुल गोष्टीत पाळण्यापाशी पोचला होता, खुळखुळा वाजत होता, आणि सांबरसाहेबांचा पाय देवळामागच्या राखेत पडला. राख गरम होती.

“इथे कुणीतरी राहतंय!” साहेब गरजले. “आमची फसवणूक आहे ही! अतिक्रमण आहे! इतक्या थोर संस्कृतीच्या अवशेषांवर हे कोण उपटसुंभ चुली मांडून बसलेत? यांना काही आदर?”

त्यांचे मित्र म्हणाले, “खरंच, आदर राहिलाच नाही.”

कानुलनं सांगायला हवं होतं. त्याचं तोंड उघडलंही होतं. पण सगळा गट त्याच्याकडे बघत होता आणि त्यांच्या डोळ्यांत अजून ते “बापरे” शिल्लक होतं. तो म्हणाला, “भटके असतील, साहेब. मी बघतो.”

कोल्होबांनी त्या संध्याकाळी एकच वाक्य उच्चारलं. “त्यांना जावं लागेल आणि ते तूच सांग, घरचा आहेस.”

आत्या जात्यापाशी बसली होती. कानुल उभाच राहिला.

“आत्या, तुम्हाला थोडे दिवस दुसरीकडे...”

“कुठे?”

“कुठेही. जरा लांब. दिसू नका म्हणजे झालं.”

“मागं पाऊस गेला तेव्हा आपली माणसं इथून उठली,” आत्या म्हणाली. “राजांनी मारलं तेव्हा उठली. पण आम्ही मेलो म्हणून सांगणारा आमच्यातला कुणी नव्हता.”

कानुलनं रुमाल नीट केला. “मी भेटायला येत जाईन,” तो म्हणाला.

आत्या रडली नाही. तिनं जातं उचललं, पोरांना हाका मारल्या. शेजारची घरंही उठली. सकाळी कानुल आला तेव्हा भिंतींच्या आडोशाला कुणी नव्हतं. कुठे जातोय हे त्यांनी त्याला सांगितलं नव्हतं आणि त्यानंही विचारलेलं नव्हतं.

आता गाव अगदी सहलीला साजेसं झालं. धूर नाही, पोरं नाहीत, घागरी नाहीत. पण प्रवासी मोठे विचित्र असतात. महिन्याभरातच ते म्हणू लागले, “छान आहे, पण फार मेलेलं वाटतं. काही स्थानिक रंगत नाही का?”

कोल्होबांनी लगेच किनाऱ्यावरच्या खारी आणल्या. त्यांना हिरवा रंग फासला आणि जेवणानंतर ‘माया सरड्यांचं पारंपरिक नृत्य’ सुरू केलं. खारी शेपट्या उडवत चेंडूच्या पटांगणात नाचू लागल्या. ते पटांगण पुन्हा वापरण्याइतपत अपवित्र झालं होतं.

कानुलला कसंतरी झालं. “कोल्होबा, मी खरा सरडा आहे. निदान मला तरी नाचात घ्या.”

कोल्होबांनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. “नको. तू तितकासा सरडा वाटत नाहीस.”

त्या दिवशी कानुल गट अर्ध्यावर सोडून रानात घुसला. मक्याची शेतं धुंडाळली. ओढ्याकाठी, टेकडीआड, जुन्या वाटांवर हाका मारल्या. एका शेतात ताजी पेर दिसली, पण पेरणारं कुणी पुढे आलं नाही. त्यानं पोपटांना विचारलं, “माझी आत्या कुठे आहे?” पोपटांनी त्याच्या गळ्यातला रुमाल बघितला आणि ते एक अक्षर न बोलता उडून गेले. किती दिवस हिंडला कुणास ठाऊक. शेवटी पोटासाठी परत आला, कारण त्याला आता दुसरं काही येत नव्हतं.

नवा गट पायऱ्यांपाशी ताटकळत होता. त्यातल्या एका हरणीनं विचारलं, “मग ते सगळे गेले तरी कुठे?”

कानुलनं आभाळाकडे बघितलं नाही. खुळखुळाही वाजवला नाही.

“मला माहीत नाही,” तो म्हणाला. “खरंच माहीत नाही हो. मी खूप शोधलं.” आणि तो पायरीवर बसून ओक्साबोक्शी रडू लागला.

मग टाळ्यांचा नुसता कडकडाट! हरणीनं डोळे पुसले. मोरांनी त्याच्याशेजारी बसून, देवळाकडे पाठ करून, फोटो काढले. आतापर्यंतची ही सगळ्यात छान सहल, असं जो तो म्हणू लागला.

गाडी निघताना कोल्होबांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

“वा! रडणं उत्तम झालं. उद्यापासून हेच ठेव. फक्त जेवणाच्या आधी आटप, म्हणजे खारींना उशीर होणार नाही.”

तात्पर्य: बाळांनो, प्राचीन संस्कृतीबद्दल मनात नेहमी नितांत आदर बाळगावा. फक्त तिच्यातलं कुणी जिवंत तर नाही ना, एवढी खात्री आधी करून घ्यावी. असलंच, तर त्याला तसं राहू देऊ नये.