बय्यूमींचा पश्चात्ताप

रमजानच्या एकविसाव्या दिवशी, इफ्तारला तासभर असताना लेकीच्या होणाऱ्या सासूचा, हज्जा इन्शिराहचा फोन आला आणि कौसरचं कुनाफ्याच्या मिठाईचं ताट ओट्यावरच राहिलं.

"अहो, लग्न मोडलं म्हणतेय व्याहीण," ती नवऱ्याला म्हणाली. "तुमच्यामुळे!"

"मी काय केलं?"

"पोरक्या पुतणीला घराबाहेर काढलंत. तेही रमजानात."

"ते मन्सूरनं काढलं, मी नाही!" बय्यूमी ओरडले.

सव्वीस वर्षं बय्यूमी पडद्यावर फक्त कॉफीचे पेले आणून ठेवत होते. यंदा कुठे रमजानभर रोज चालणाऱ्या मालिकेत दुष्ट मन्सूरकाका मिळाला, तर बिचाऱ्यांनी त्यात जीव ओतला. इतका, की सगळी शुब्रा वस्ती त्यांच्यावर उलटली. लोणचेवाल्यानं बरणीत नुसतं खारं पाणी भरून दिलं. न्हाव्यानं अर्धी दाढी करून वस्तरा थांबवला आणि विचारलं, "पोरीचं घर कधी परत करताय?" हे सगळं त्यांनी कौतुक म्हणून सोसलं. पण लेक इब्तिहाल आणि हज्जाचा मुलगा वाइल तीन वर्षं एकमेकांसाठी थांबले होते, सव्विसाव्या दिवशी फातिहा वाचून लग्न पक्कं व्हायचं होतं, आणि आता पोर उशीत तोंड खुपसून पडली होती.

बय्यूमींनी स्वतःच हज्जाला फोन लावला. "हज्जा, अहो, तो अभिनय आहे!"

"अंगात असल्याशिवाय इतकं जमतं होय? अशा घरी मी माझा मुलगा देऊ?"

मालिका दाखवली जात होती आणि तिकडे चित्रीकरणही चालूच होतं. नशात नावाचे लेखक स्टुडिओच्या कोपऱ्यात पुढचे भाग खरडत होते. बय्यूमी त्यांच्यापुढे हात जोडून उभे राहिले. "मला पश्चात्ताप करू द्या."

"खुळे का काय? अजून बरेच भाग बाकी आहेत. तुम्ही सुधारलात तर लोक टीव्ही सोडून भांडी घासायला उठतील!"

बय्यूमींनी लेकीची हकिकत सांगितली. सांगता सांगता त्यांचे डोळे भरून आले. लेखक टक लावून बघत राहिले.

"हेच रडू कॅमेऱ्यासमोर येईल? मग करा पश्चात्ताप. फक्त शेवटी दारात वळून एकदा हसायचं. का ते विचारू नका."

बय्यूमींनी फार विनवल्यावर सव्विसाव्या दिवशी हज्जा वाइलला घेऊन आली ती अट घालूनच. "आजचा भाग डोळ्यांनी बघीन, मग काय ते ठरवीन."

इफ्तार आटोपला आणि मंडळी टीव्हीसमोर बसली. मन्सूरकाकानं पुतणीच्या हाती किल्ली दिली, तिच्या कपाळाचं चुंबन घेतलं आणि असा रडला, की हज्जाचा रुमाल भिजून चिंब झाला. "माणूस आहे हो, माणूस!" म्हणत तिनं फातिहासाठी हात उचलले.

तेवढ्यात मन्सूर दारात वळला, हसला, आणि लगेच पडद्यावर नुसता एक हात दिसला, खिशातून दुसरी किल्ली बाहेर काढणारा. भाग संपला.

"तो हात माझा नाही!" बय्यूमी किंचाळले. "मी फक्त हसलो होतो!"

हज्जाचे हात हवेतच राहिले. इब्तिहालनं डोळे घट्ट मिटले.

"दुसरी किल्ली?" हज्जा पुटपुटली. "म्हणजे पोरीचं... उद्या काय होतं?"

बय्यूमी डोकं खाजवू लागले. कौसर मात्र पुढे सरसावली. "ते घरच्या माणसांनाच सांगायचं असतं, हज्जा. परक्यांना सांगितलं तर यांचं काम जाईल."

हज्जानं क्षणभर विचार केला. "वाइल, बघतोस काय? हात वर कर!"

फातिहा वाचून झाली. कौसरनं जीभ हलवून असा आनंदाचा चीत्कार केला, की खालच्या मजल्यावरूनही उत्तर आलं. इब्तिहाल हसत होती आणि रडतही होती.

हज्जानं खुर्ची बय्यूमींच्या अगदी जवळ ओढली. "आता आपण व्याही. सांगा."

पुढची पानं बय्यूमींनीही बघितली नव्हती. खरं काय ते सांगून टाकावं म्हणून त्यांनी तोंड उघडलं, तोच हज्जानं दोन्ही कान गच्च दाबले.

"नको, नको! खबरदार सांगाल तर! मग उद्या मी बघू काय?"